रोहतकच्या लेकीचे पुनरागमन

२ नोव्हेंबर २०२५ रोजी नवी मुंबईतील डॉ. डी. वाय. पाटील क्रीडांगणावर भारतीय महिला संघाने दक्षिण आफ्रिकेचा ५२ धावांनी पराभव केला आणि एकदिवसीय सामन्यांचा विश्वचषक प्रथमच आपल्या देशात आला. २००५ साली सेंच्युरियनला ऑस्ट्रेलियाकडून आणि २०१७ साली लॉर्ड्सवर इंग्लंडकडून अंतिम सामन्यात झालेले पराभव ज्यांच्या स्मरणात आहेत, त्यांनाच या विजयाचे खरे मोल कळेल. लॉर्ड्सवर तर अवघ्या नऊ धावा कमी पडल्या होत्या. विजयोत्सवाची वर्णने वृत्तपत्रांनी रकानेच्या रकाने भरून दिली, त्यांची पुनरुक्ती येथे करण्याचे कारण नाही. आम्हाला लक्ष वेधायचे आहे ते एका वेगळ्या गोष्टीकडे. त्या रात्री सामनावीराचा मान जिला मिळाला, ती शफाली वर्मा आठ दिवसांपूर्वी या संघात नव्हती. पंधरा जणींच्या मूळ चमूत तिचे नाव नव्हते, राखीव खेळाडूंच्या यादीतही नव्हते. भारतीय संघ विश्वचषकातील साखळी सामने खेळत होता, तेव्हा ही एकवीस वर्षांची मुलगी हरियाणाच्या संघातून देशांतर्गत स्पर्धा खेळत होती.

एकदिवसीय विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात, पुरुषांच्या असो वा महिलांच्या, इतक्या लहान वयात सामनावीर ठरलेले दुसरे कोणी नाही. हा विक्रम नोंदवहीत राहील. परंतु तो घडवणारी वाटचाल विक्रमापेक्षा अधिक बोलकी आहे आणि तिच्यात आपल्या समाजाचे गुण आणि दोष दोन्ही स्पष्ट दिसतात.

शफालीचा जन्म २८ जानेवारी २००४ चा, हरियाणातील रोहतकचा. त्याआधी तीनच वर्षांपूर्वी झालेल्या २००१ च्या जनगणनेने हरियाणाचे जे चित्र समोर आणले होते, ते कोणाही विचारी माणसाची मान खाली जावी असे होते. सहा वर्षांखालील दर हजार मुलांमागे त्या राज्यात केवळ ८१९ मुली होत्या. २०११ साली हा आकडा ८३४ वर गेला, म्हणजे फारसा हललाच नाही. ज्या भूमीत कुरुक्षेत्र आहे, जिच्या घराघरांतून सैन्यात जाणारे जवान निघतात, त्या भूमीत मुलीला जन्मच नाकारला जात होता, आणि तो नाकारणारे अशिक्षित वा दरिद्री होते असेही म्हणता येत नाही. सोनोग्राफीच्या यंत्रापर्यंत पोहोचण्यासाठी गाठीला पैसा लागतो. 'बेटी बचाओ, बेटी पढाओ' या अभियानाचा प्रारंभ २२ जानेवारी २०१५ रोजी पंतप्रधानांनी हरियाणातीलच पानिपतहून केला, तो या पार्श्वभूमीवर.

अशा वातावरणात रोहतकमधील एका छोट्या सराफी दुकानदाराने, संजीव वर्मा यांनी, आपल्या मुलीच्या हाती बॅट दिली. ऑक्टोबर २०१३ मध्ये सचिन तेंडुलकर आपला अखेरचा रणजी सामना खेळण्यासाठी रोहतकजवळच्या लाहली येथे आला होता. मुंबई विरुद्ध हरियाणा असा तो सामना. दुसऱ्या डावात नाबाद ७९ धावा करून सचिनने मुंबईला विजय मिळवून दिला. त्या गर्दीत वडिलांसोबत आलेली नऊ वर्षांची शफाली होती. एका माणसाचा खेळ पाहायला लोक असे लोटतात, हे तिने तेथे पाहिले आणि आपल्याला काय व्हायचे आहे हे ठरवून टाकले. त्या वयाची अनेक मुले असे ठरवतात, त्यात विशेष काही नाही. विशेष आहे ते पुढे जे घडले त्यात.

रोहतकमधील क्रिकेटचे वर्ग मुलीला घ्यायला तयार नव्हते. तेव्हा वडिलांनी तिचे केस मुलांसारखे बारीक कापले आणि ती मुलांमध्ये मुलगा म्हणून खेळू लागली. पानिपतच्या एका स्पर्धेत आजारी भावाच्या जागी ती उतरली, खेळली आणि सर्वोत्तम खेळाडूचे पारितोषिक घेऊन परतली. ही कथा आज कौतुकाने सांगितली जाते, चित्रपटाचे कथानक म्हणून तिच्याकडे पाहिले जाते. आम्हाला मात्र ती वाचताना कौतुकाच्या आधी संकोच वाटतो. एका मुलीला खेळण्यासाठी आपले मुलगी असणे लपवावे लागले, ही गोष्ट त्या कुटुंबाला भूषणावह आणि आजूबाजूच्या समाजाला लाजिरवाणी आहे. शेजारीपाजारी आणि नातलग टोमणे मारीत होते, तेव्हा ते वडील काय उत्तर देत असतील याची कल्पना आपल्यापैकी प्रत्येकाने आपापल्या गल्लीचा विचार करून करावी.

येथे एक तुलना मनात येते. शफालीची सलामीची जोडीदार स्मृती मानधना ही आपल्या सांगलीची. लाहलीचा तो सामना झाला त्याच महिन्यात, ऑक्टोबर २०१३ मध्ये, स्मृतीने वडोदरा येथे महाराष्ट्राच्या एकोणीस वर्षांखालील संघाकडून गुजरातविरुद्ध नाबाद २२४ धावा केल्या होत्या. एकदिवसीय सामन्यात द्विशतक करणारी ती पहिली भारतीय महिला. स्मृती नवव्या वर्षी महाराष्ट्राच्या पंधरा वर्षांखालील संघात आणि अकराव्या वर्षी एकोणीस वर्षांखालील संघात निवडली गेली होती. म्हणजे सांगलीच्या मुलीला जी दारे उघडी सापडली, ती रोहतकच्या मुलीला चोरवाटेने ओलांडावी लागली. यात महाराष्ट्राने फार फुशारकी मारावी असे नाही, कारण २०११ च्या जनगणनेत आपल्याकडेही बीडसारख्या जिल्ह्याची अवस्था हरियाणाहून वाईट होती. पण महिला क्रिकेटची जी परंपरा येथे दोन पिढ्यांनी रुजवली, तिचे फळ स्मृतीच्या पदरात पडले, हे मान्य केले पाहिजे.

त्या परंपरेविषयी चार शब्द सांगणे अगत्याचे आहे, कारण ती झपाट्याने विस्मरणात जात आहे. भारतीय महिला क्रिकेट संघटना १९७३ साली स्थापन झाली. त्याच वर्षी पुण्यात पहिली आंतरराज्य स्पर्धा झाली, तिच्यात मुंबई, महाराष्ट्र आणि उत्तर प्रदेश असे तीनच संघ होते. १९७६ साली पाटण्यात शांता रंगास्वामीच्या नेतृत्वाखाली वेस्ट इंडिजविरुद्ध पहिला कसोटी विजय मिळाला. मुंबईच्या डायना एडलजी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी रेल्वेच्या अनारक्षित डब्यांतून प्रवास केले, धर्मशाळांत आणि वसतिगृहांत मुक्काम केले. पुरुषांच्या क्रिकेटवर पैशाचा पाऊस पडत असताना ही संघटना पै-पै जमवत होती. २००६ साली ती भारतीय क्रिकेट नियामक मंडळात विलीन झाली. २००५ च्या विश्वचषकात अंतिम सामन्यापर्यंत गेलेल्या संघातील खेळाडूंना सामन्यामागे एक हजार रुपये मिळाले होते, असे मिताली राज हिने नंतर सांगितले आहे. २०२२ च्या ऑक्टोबरमध्ये मंडळाने महिला आणि पुरुष खेळाडूंचे सामना मानधन समान केले आणि २०२५ च्या विजेत्या चमूला ५१ कोटी रुपयांचे पारितोषिक जाहीर केले. हे अंतर वीस वर्षांत कापले गेले, ही समाधानाची बाब आहे. ज्यांनी ते पहिले हजार रुपयेही पाहिले नाहीत, त्यांची आठवण या समाधानात असावी, एवढेच.

आता शफालीकडे. २४ सप्टेंबर २०१९ रोजी सुरतेत दक्षिण आफ्रिकेविरुद्ध तिने वीस षटकांच्या सामन्यात पदार्पण केले, तेव्हा ती पंधरा वर्षांची होती. मिताली राज नुकतीच या प्रकारातून निवृत्त झाली होती. पहिल्या सामन्यात शफाली शून्यावर बाद झाली. दीड महिन्यानंतर वेस्ट इंडिजमधील सेंट लुसिया येथे तिने ४९ चेंडूंत ७३ धावा केल्या आणि आंतरराष्ट्रीय सामन्यात अर्धशतक करणारी सर्वांत लहान भारतीय खेळाडू ठरली. हा विक्रम तीस वर्षे सचिन तेंडुलकरच्या नावावर होता. लाहलीच्या गर्दीतल्या मुलीने तो पंधरा वर्षे २८५ दिवसांच्या वयात मोडला.

त्यानंतर जे होते ते झाले. प्रसारमाध्यमांनी तिला डोक्यावर घेतले. 'लेडी सेहवाग' हे बिरुद तिला चिकटवले गेले, जणू स्त्री खेळाडूचे मोठेपण सांगायचे तर एखाद्या पुरुषाचे नाव उसने घेतल्यावाचून गत्यंतर नाही. ऑस्ट्रेलियात झालेल्या २०२० च्या विश्वचषकात तिने पाच डावांत १६३ धावा केल्या आणि सोळाव्या वर्षी ती जागतिक क्रमवारीत पहिल्या स्थानावर पोहोचली. मग ८ मार्च उजाडला. मेलबर्नच्या मैदानावर ८६ हजारांहून अधिक प्रेक्षकांसमोर अंतिम सामना सुरू झाला आणि पहिल्याच षटकात शफालीच्या हातून अॅलिसा हीलीचा झेल सुटला. हीलीने पुढे ७५ धावा कुटल्या. भारताची फलंदाजी सुरू झाली तेव्हा शफाली पहिल्याच षटकात दोन धावांवर बाद झाली, आणि झेल टिपला तो यष्टीमागे उभ्या असलेल्या त्याच हीलीने. भारताचा डाव ९९ धावांत आटोपला. सामन्यानंतर अश्रू ढाळणाऱ्या त्या मुलीचे छायाचित्र जगभर गेले. सोळा वर्षांच्या खांद्यांवर आपण किती ओझे टाकले होते, याचा विचार तेव्हा फार थोड्यांनी केला.

पुढची चार वर्षे चढउतारांची होती. २०२१ च्या जूनमध्ये ब्रिस्टलला पहिल्याच कसोटीत तिने ९६ आणि ६३ धावा केल्या. महिला संघाची ती सात वर्षांनंतरची पहिली कसोटी होती, हेही नमूद करण्यासारखे. जानेवारी २०२३ मध्ये दक्षिण आफ्रिकेत एकोणीस वर्षांखालील मुलींचा पहिलावहिला विश्वचषक तिच्या नेतृत्वाखाली भारताने जिंकला. महिला क्रिकेटमधील भारताचे ते पहिले जागतिक अजिंक्यपद. जून २०२४ मध्ये चेन्नईत दक्षिण आफ्रिकेविरुद्धच्या कसोटीत तिने १९७ चेंडूंत २०५ धावा केल्या. महिला कसोटीतील ते सर्वांत जलद द्विशतक होते आणि भारतीय महिलेचे, मितालीनंतरचे, दुसरे. स्मृतीसह तिने सलामीला २९२ धावांची भागीदारी केली.

मात्र एकदिवसीय सामन्यांत तिची बॅट रुसली होती. जुलै २०२२ नंतर तिच्या नावावर अर्धशतक नव्हते. २०२४ च्या अखेरीस निवड समितीने तिला एकदिवसीय संघातून वगळले. पुढे यशस्वी झालेल्या खेळाडूला कधीकाळी वगळणाऱ्यांना दोष देण्याची आपल्याकडे रीत आहे. आम्ही त्या मार्गाने जाणार नाही. ती वारंवार तशाच प्रकारे बाद होत होती, तिच्या जागी आलेल्या प्रतिका रावळने धावांच्या राशी घालून आपली निवड सार्थ ठरवली होती. विश्वचषकातही प्रतिकाने न्यूझीलंडविरुद्धच्या शतकासह ३०८ धावा केल्या. नावापेक्षा कामगिरीकडे पाहणारी निवड समिती ही दुर्मीळ वस्तू आहे, तिला पराभवाच्या वेळी शिव्या आणि विजयाच्या वेळी टोमणे, असे दुहेरी शासन कशासाठी?

वगळल्याची वार्ता आली तेव्हा शफालीच्या वडिलांना नुकताच हृदयविकाराचा झटका येऊन गेला होता आणि ते रुग्णालयात होते. त्यांची प्रकृती सावरेपर्यंत ही बातमी तिने त्यांच्यापासून लपवून ठेवली, असे तिने स्वतः नंतर सांगितले. बरे होताच वडील पुन्हा तिच्या सरावाच्या मागे लागले.

आणि मग ती हरियाणाकडून खेळायला गेली. जगात पहिल्या क्रमांकावर राहून आलेल्या, लीगच्या पहिल्याच लिलावात दिल्लीने दोन कोटी रुपये मोजून घेतलेल्या खेळाडूला राज्य संघातून, रिकाम्या प्रेक्षागारांसमोर, पुन्हा पहिल्या पायरीपासून सुरुवात करणे मानवत नाही. अनेकजण रुसतात, दुखापतीचे निमित्त काढतात. डिसेंबर २०२४ मध्ये वरिष्ठ महिलांच्या एकदिवसीय स्पर्धेत बंगालविरुद्ध शफालीने राजकोटला ११५ चेंडूंत १९७ धावा केल्या. हरियाणाच्या ३८९ धावा झाल्या, आणि तरी सामना बंगालने जिंकला. देशांतर्गत क्रिकेटची ही खरी शाळा. १९७ धावा करूनही हरावे लागते, दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात चार ओळी येतात आणि पुढच्या सामन्यासाठी पहाटे उठावे लागते. त्या स्पर्धेतील सात सामन्यांत तिने ५२७ धावा केल्या.

२६ ऑक्टोबर २०२५ रोजी बांगलादेशविरुद्ध क्षेत्ररक्षण करताना प्रतिकाचा घोटा दुखावला आणि शफालीला बोलावणे आले. उपांत्य सामना चार दिवसांवर होता, समोर ऑस्ट्रेलिया. त्या सामन्यात ती दहा धावा करून परतली. ३३९ धावांचे लक्ष्य गाठण्याचा विश्वविक्रम झाला तो मुंबईच्या जेमिमा रॉड्रिग्जच्या नाबाद १२७ आणि कर्णधार हरमनप्रीतच्या ८९ धावांमुळे. अंतिम सामन्याच्या दिवशी पावसाने खेळ लांबवला. दक्षिण आफ्रिकेने नाणेफेक जिंकून भारताला फलंदाजी दिली आणि शफाली-स्मृती जोडीने १०४ धावांची सलामी दिली. शफालीच्या ७८ चेंडूंतील ८७ धावा ही तिची एकदिवसीय सामन्यांतील सर्वोच्च खेळी. जाणकारांना त्या खेळीत जे आवडले ते षटकार नव्हेत. चांगल्या चेंडूला तिने मान दिला, एकेक धाव घेतली आणि वाईट चेंडूची वाट पाहिली. ही वाट पाहण्याची कला पंधराव्या वर्षी तिच्याजवळ नव्हती. ती राजकोट-सुरतेच्या मैदानांवर कमावलेली आहे.

धावांचा पाठलाग करणारी दक्षिण आफ्रिका दोन बाद ११४ अशी सुस्थितीत असताना हरमनप्रीतने चेंडू शफालीच्या हाती दिला. एकदिवसीय कारकिर्दीत जेमतेम चौदा षटके टाकलेल्या, एकच बळी मिळवलेल्या मुलीच्या हाती! तिने पहिल्याच षटकात सुने लूसला स्वतःच झेल घेऊन बाद केले आणि पुढच्याच षटकात मारिझान कापला यष्टिरक्षक रिचा घोषकरवी टिपले. कर्णधाराच्या या निर्णयाला काही जण दैवयोग म्हणतील. दीप्ती शर्माने मग पाच बळी घेऊन डाव गुंडाळला, शतकवीर कर्णधार लॉरा वोल्वार्टचा बळीही तिचाच. त्या रात्री सचिन तेंडुलकर प्रेक्षागारात होता. त्याला पाहून आपल्याला बळ आले, असे शफालीने सांगितले. ईश्वराने मला काहीतरी चांगले करण्यासाठी येथे पाठवले आहे, अशी तिची भावना होती. आणि चाकांच्या खुर्चीत बसून, खांद्यावर तिरंगा घेऊन प्रतिका त्या उत्सवात सामील झाली होती. एकीच्या दुर्दैवातून दुसरीचे भाग्य उजळले, पण त्या दोघींच्या चेहऱ्यांवर असूयेचा लवलेशही नव्हता.

संघाचे प्रशिक्षक अमोल मुझुमदार यांच्याविषयी लिहिल्याशिवाय हा विषय पुरा होत नाही. १९८८ साली शारदाश्रमच्या सचिन आणि विनोद कांबळी यांनी ६६४ धावांची भागीदारी केली, तेव्हा पुढचा फलंदाज म्हणून पॅड बांधून बसलेला मुलगा तो हाच. प्रथम श्रेणीत अकरा हजारांवर धावा करूनही त्यांना भारताकडून एकही सामना खेळायला मिळाला नाही. बोलावणे येईल म्हणून आयुष्यभर सज्ज राहिलेला आणि ते कधीच न आलेला माणूस ज्या संघाचा मार्गदर्शक आहे, त्या संघात बोलावणे आलेल्या मुलीने विश्वचषक जिंकून द्यावा, हा योग विलक्षण खरा. एरव्ही अशा माणसांची आपण कटुतेच्या कथांपुरतीच दखल घेतो. मुझुमदारांनी कटुता घरी ठेवली आणि विद्या मैदानावर आणली.

आता प्रश्न आपला आहे. विजयानंतर मुलींचे क्रिकेट वर्ग भरभरून वाहतील, जाहिरातदार रांग लावतील. पण शफाली घडली ती ज्या देशांतर्गत स्पर्धांत, त्यांची अवस्था काय? महिलांच्या बहुदिवसीय स्पर्धा वर्षानुवर्षे बंद राहिल्या, २०२४ च्या मार्चमध्ये पुण्यात आंतरविभागीय स्पर्धेने त्या पुन्हा सुरू झाल्या. राज्याराज्यांच्या संघांत तीन-चार दिवसांचे सामने नियमितपणे होत नाहीत तोवर २०५ धावांची खेळी हा अपघातच राहणार. जिल्ह्याच्या ठिकाणी मुलींसाठी मैदानाची राखून ठेवलेली वेळ, स्वच्छ प्रसाधनगृह, कपडे बदलण्याची सुरक्षित खोली आणि सायंकाळी घरी पोहोचवणारे वाहन या चार गोष्टी ५१ कोटींच्या मानाने किरकोळ खर्चाच्या आहेत. महाराष्ट्रातील किती जिल्हा संघटना आज त्या देऊ शकतात, हे त्यांच्या पदाधिकाऱ्यांनी पुढील वार्षिक सभेत सदस्यांसमोर मांडावे. आणि पुण्यात वा नाशकात महिलांचा राज्यस्तरीय सामना असेल, त्या दिवशी आपल्या घरातील मुलीला घेऊन तेथे जाऊन बसायला आपल्यालाही कोणी अडवलेले नाही.